नाव झाकले तरी कथा पहिली आली! नारळीकरांच्या विज्ञानकथेतून वऱ्हाडाने काय घ्यावे?

मराठी विज्ञान परिषदेच्या १९७४ च्या विज्ञानकथा स्पर्धेत 'कृष्णविवर' नावाची कथा आली. लेखक म्हणून नाव होते नारायण विनायक जगताप. कथेला पहिले बक्षीस मिळाले. लेखक मात्र भलतेच निघाले. ना. वि. ज. ही आद्याक्षरे उलट वाचा, ज. वि. ना. होतात. म्हणजेच जयंत विष्णू नारळीकर.

२० मे २०२५ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले, तेव्हा बहुतेक बातम्या खगोलशास्त्रज्ञ नारळीकरांच्या होत्या. कथा-कादंबरीकार नारळीकर त्यात दोन ओळींत आटोपले. अमरावती-अकोल्यात बसून आज त्यांच्याकडे वेगळे पाहायला हवे. कारण त्यांनी जे केले, त्याचा कच्चा माल आपल्या दारात पडून आहे.

टोपणनाव कशासाठी?

नारळीकरांना १९६५ मध्येच पद्मभूषण मिळाले होते. केंब्रिजमध्ये फ्रेड हॉइल यांच्यासोबत केलेल्या संशोधनामुळे त्यांचे नाव घरोघरी पोहोचले होते. १९७२ मध्ये ते भारतात परतले आणि मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत रुजू झाले. अशा माणसाची कथा आली की परीक्षक नावाकडे पाहून गुण देणार, ही शंका रास्त होती. म्हणून नाव बदलले. अक्षर ओळखू येऊ नये म्हणून कथा पत्नी मंगला नारळीकर यांच्या हस्ताक्षरात पाठवली.

कथा लिहिण्याची प्रेरणाही घरचीच म्हणायची. गुरू हॉइल स्वतः कादंबरीकार होते. त्यांची 'द ब्लॅक क्लाउड' १९५७ मध्ये प्रसिद्ध झाली होती. संशोधन आणि कादंबरी एकाच टेबलावर चालू शकतात, हे नारळीकरांनी जवळून पाहिले होते.

पुढे किती लिहिले?

'यक्षांची देणगी' हा कथासंग्रह १९७९ चा. पुढे 'प्रेषित', 'व्हायरस', 'वामन परत न आला', 'अभयारण्य' या कादंबऱ्या आल्या. 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेतले इतिहासाचे प्राध्यापक अशा जगात जाऊन पोहोचतात, जिथे पानिपतची लढाई मराठे जिंकले आहेत. ही कथा 'द ॲडव्हेंचर' नावाने एनसीईआरटीच्या अकरावीच्या इंग्रजी पाठ्यपुस्तकात गेली. तुमच्यापैकी काहींनी ती इंग्रजीतच वाचली असेल.

हे सगळे नोकरी सांभाळून झाले. १९८८ मध्ये पुण्यात 'आयुका' उभी राहिली आणि २००३ पर्यंत ते तिचे संचालक होते. अमेरिकेतले आयझॅक आसिमोव्ह बोस्टन विद्यापीठात जीवरसायनशास्त्र शिकवत आणि १९५८ पासून पूर्णवेळ लिहू लागले. तिथे पैसे देणारी मासिके आणि मोठा वाचकवर्ग होता. मराठीत लेखकाला आधार म्हणजे दिवाळी अंक आणि एखादी स्पर्धा. तेवढ्यावर पोट भरत नाही. तरीही नारळीकर लिहीत राहिले आणि २०२१ मध्ये नाशिकच्या ९४ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले.

त्यांची युक्ती काय होती?

शीर्षके पाहा. यक्ष, वामन, प्रेषित. 'अंतराळातील भस्मासूर' आणि 'उजव्या सोंडेचा गणपती' ही आणखी दोन. वाचकाच्या ओळखीचे नाव घ्यायचे आणि त्याच्या पोटात विज्ञानाचा प्रश्न ठेवायचा. 'वामन' हे नाव ऐकताच मराठी माणसाला पुढचे पाऊल कुठे पडणार याची धास्ती वाटते. कादंबरीत ती धास्ती यंत्राबद्दल वाटते. एआयच्या चर्चेत आज तोच प्रश्न आहे.

त्यांच्या पात्रांपेक्षा कल्पना जास्त लक्षात राहतात, हे मान्य करायला हवे. माणसांच्या मनात ते फार खोल उतरत नाहीत. पण वाचक कथा संपवून उठतो, तेव्हा त्याच्या डोक्यात 'असे झाले तर?' हा प्रश्न राहतो. विज्ञानकथेचे काम तिथून सुरू होते.

मग वऱ्हाडाचा संबंध काय?

बुलडाणा जिल्ह्यातले लोणार घ्या. अंतराळातून आलेल्या वस्तूच्या आघाताने बेसॉल्ट खडकात झालेले सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचे विवर. आपल्याकडे लवणासुराची कथाही त्याच जागेची. जून २०२० मध्ये सरोवराचे पाणी गुलाबी झाले. खाऱ्या पाण्यात वाढणारे सूक्ष्मजीव त्यामागे होते. आकाशातून पडलेला दगड, राक्षस आणि रंग बदलणारे पाणी, एवढे एका ठिकाणी मिळाल्यावर लेखकाला आणखी काय हवे?

लोणारवरच थांबायचे कारण नाही. २००२ मध्ये बीटी कपाशी आली आणि गुलाबी बोंडअळीने काही वर्षांत तिच्याशी जुळवून घेतले. ती अळी पुढे काय शिकेल? पूर्णाकाठच्या खारपाणपट्ट्यात पन्नास वर्षांनी लोक कोणते पाणी पीत असतील? हे प्रश्न न्यूयॉर्कच्या लेखकाला सुचणार नाहीत. ते दर्यापूर किंवा मूर्तिजापूरच्या पोरालाच सुचतील.

पण त्या पोराला लिहिते कोण करणार? आम्ही अभियांत्रिकी शिकलो तेव्हा चार वर्षांत मराठीत एक परिच्छेद लिहायची वेळ आली नाही. विज्ञान इंग्रजीत आणि मराठी फक्त घरात, अशी वाटणी झाली की भाषा हळूहळू जुन्या आठवणींची होऊन बसते. अभिजात दर्जा मिळाल्याने हे आपोआप थांबत नाही.

अमरावती जिल्ह्यात लीळाचरित्राच्या रिद्धपूरला आता मराठी भाषा विद्यापीठ आहे. अकोल्यात कृषी विद्यापीठ आहे. अमरावती, बडनेरा, शेगावला अभियांत्रिकी महाविद्यालये आहेत. या सगळ्यांनी मिळून दरवर्षी एक विज्ञानकथा स्पर्धा घ्यावी. खर्च फारसा नाही. अट एकच, परीक्षकांपुढे लेखकाचे नाव, गाव, कॉलेज काहीही जाऊ नये.

पद्मभूषण मिळालेल्या माणसानेही ही अट स्वतःहून पाळली होती. ज्याला अजून कोणी ओळखत नाही, अशा मुला-मुलींना तर तिचा जास्तच फायदा होईल.