बुडखा कुजला म्हणून भिंत पाडू नका

शेतकरी बंधूंनो आणि पंचायतीच्या कारभाऱ्यांनो, आज जरा लांबची गोष्ट सांगतो. पण ती ऐकून आपल्याच गावच्या चावडीकडे एकदा बघा.

इंग्लंडमधल्या एसेक्स परगण्यात ऑंगर हे बाजाराचे गाव. तिथून मैलभरावर ग्रीनस्टेड नावाचे खेडे आहे. तिथले चर्च आपल्या वेशीतल्या मारुतीच्या देवळासारखे, गावापुरते लहान. पण त्याची भिंत पाहिली की लाकडातले कळणारा माणूस थबकतो. ओकचे बुंधे उभे चिरून, अर्धे अर्धे करून शेजारी शेजारी उभे केले आहेत. गोल बाजू बाहेर, सपाट बाजू आत. फटीतून वारा शिरू नये म्हणून कडांना खाच पाडून त्यात लाकडी पट्टी बसवली आहे. आपल्याकडे सागवान, तसा तिकडे ओक.

ही भिंत इ.स. ८४५ च्या सुमाराची, असे बरीच वर्षे सांगत. १९९५ मध्ये लाकडातली वलये पुन्हा तपासली. झाड दरवर्षी एक वलय धरते, चांगल्या वर्षी रुंद आणि दुष्काळात अरुंद, हे तुम्हाला काय सांगायचे! त्यावरून बुंधे १०६३ ते ११०८ च्या दरम्यान तोडलेले निघाले. वय दोनशे वर्षांनी घटले, तरी युरोपातल्या सर्वांत जुन्या उभ्या लाकडी इमारतींत तिचे नाव आहे. आपल्याकडे मात्र प्रत्येक देऊळ ‘पांडवकालीन’ आणि दप्तरात कागद एकही नाही.

पुढच्या पिढ्यांनी या चर्चमध्ये भर घातली. इ.स. १५०० च्या सुमारास वेदीकडचा भाग विटांत बांधला. नंतर फळ्यांचा पांढरा मनोरा आला. त्यातल्या घंटेवर १६१८ साल आहे. पण जुनी भिंत कोणी हलवली नाही.

१८४८ साली खरी परीक्षा झाली. ओलीने बुंध्यांचे बुडखे कुजले होते. आपल्याकडे ठेकेदार म्हणाला असता, ‘पाडा, स्लॅब टाकू.’ तिथे कुजका भाग तेवढाच कापला, खाली विटांचे जोते घेतले आणि तेच बुंधे त्यावर पुन्हा उभे केले. छपरात तेव्हा बरेच फेरफार झाले, म्हणजे ती दुरुस्ती काही निर्दोष नव्हती. पण भिंत वाचली.

ती वाचली म्हणून आणखी एक आठवण वाचली, आणि ती थेट शेतमजुरांची आहे. डॉर्सेट परगण्यातल्या टॉलपडल गावी मजुरांची आठवड्याची मजुरी ९ शिलिंगांवरून ७ वर आली आणि ६ वर नेण्याची भाषा सुरू झाली. मजुरांनी संघटना बांधली. संघटना करणे गुन्हा नव्हता, म्हणून गुप्त शपथ घेतल्याचे कलम लावले आणि १८३४ मध्ये सहा जणांना सात वर्षांच्या काळ्या पाण्यावर ऑस्ट्रेलियाला धाडले. देशभर गदारोळ झाला, मोर्चे निघाले. १८३६ मध्ये सरकारला माफी द्यावी लागली. परतल्यावर लोकवर्गणीतून त्यांच्यासाठी एसेक्समध्ये खंडाने शेती घेतली, त्यातली एक ग्रीनस्टेडला. त्या सहांपैकी जेम्स ब्राइन याचे लग्न १८३९ मध्ये याच चर्चमध्ये लागले. नवरी एलिझाबेथ, त्याच्याबरोबर शिक्षा भोगलेल्या थॉमस स्टँडफील्डची मुलगी.

राजेरजवाड्यांची आठवण किल्ले ठेवतात. मजुरांची आठवण ठेवतात ती अशी लहान चर्चे, देवळे, दर्गे, चावड्या. त्या पाडल्या की गरिबाची साक्ष पुसली जाते.

म्हणून सरपंचांना आणि अधिकाऱ्यांना एकच विनंती. ‘जीर्णोद्धार’ म्हणजे उद्धार, पाडापाडी नव्हे. ठराव करण्याआधी इमारतीची मापे घ्या, फोटो काढा, म्हाताऱ्याकोताऱ्यांना विचारून माहिती लिहून ठेवा. जुना सुतार आणि पाथरवट बोलावून नेमके काय कुजले, काय धड आहे, ते बघा. दगडी कोरीव कामाला ऑइलपेंट फासू नका. शंका असेल तर पुरातत्त्व विभागाला आधी पत्र लिहा, कुदळ नंतर उचला.

बैलाचा खूर दुखला तर आपण खुरावर औषध करतो, बैल मोडीत काढत नाही. गावच्या जुन्या भिंतीलाही तेवढाच न्याय द्या.