हडळीला शेपूट लावू नका

कोरियन मालिका मराठी घरांत पोचल्यापासून एक विधान फार आत्मविश्वासानं केलं जातं. गुमिहो, म्हणजे नऊ शेपटांची कोल्ही, ही आपल्या हडळीचीच बहीण. दोघी देखण्या बाईचं रूप घेतात, पुरुषाला भुलवतात आणि त्याचा जीव घेतात. नातं किती जुनं, हे दाखवायला इनामगावकडे बोट केलं जातं. तीन हजार वर्षांपूर्वी घोड नदीकाठची माणसं मेलेल्यांची पावलं तोडून पुरत होती. हडळीची पावलं उलटी असतात. म्हणजे भीती तीच, बाईही तीच. हे मला मुळीच मान्य नाही. विधान चुकीचं आहेच, शिवाय त्यात एका मेलेल्या बाईवर अन्याय होतो.

आधी इनामगाव. शिरूर तालुक्यातल्या या पांढरीच्या टेकाडावर डेक्कन कॉलेजनं 1968 पासून पुढं सुमारे पंधरा वर्षं खोदकाम केलं. ढवळीकर, सांकलिया आणि अन्सारी यांचा दोन खंडांचा अहवाल 1988 साली निघाला. इसवी सनापूर्वी 1600 ते 700 अशी नऊशे वर्षांची वस्ती तिथं उलगडली. प्रौढ माणसांची पावलं घोट्याखाली तोडून त्यांना पुरलं होतं, हे खरं. मृतानं भूत होऊन भटकू नये, घर सोडून जाऊ नये म्हणून तसं केलं असावं, असा तर्क उत्खननकर्त्यांनीच मांडला. पण या तर्कातला 'भूत' हा एकच शब्द उचलायचा आणि 'घर' सोडून द्यायचं, हा कुठला न्याय?

कारण ही माणसं पुरली कुठं? गावाबाहेर, नदीपलीकडे नव्हे. घरातच, जमिनीखाली किंवा अंगणात. जिची धास्ती वाटते तिला कुणी चुलीशेजारी ठेवत नाही. पावलं तोडलेल्यांत पुरुषही आहेत, त्यामुळं भुलवणाऱ्या बाईचा इथं संबंधच येत नाही. गावाचा प्रमुख समजला गेलेला, साधारण चाळिशीचा पुरुष चार पायांच्या मोठ्या कच्च्या मातीच्या रांजणात बसवून पुरला होता, आणि त्याची पावलं शाबूत होती. भुताचं भय हेच एकमेव कारण असतं, तर गावातल्या सगळ्यांत वजनदार माणसाला मोकळं का सोडलं असतं?

दफनं बहुसंख्य लहान मुलांची आहेत. दोन मडकी तोंडाला तोंड लावून आडवी ठेवलेली, आत मूल, सोबत तोटीचं भांडं आणि वाडगा. तान्ह्यासाठी भांडं ठेवणाऱ्या हातांना मेलेल्याची फक्त भीतीच वाटत होती, असं मी मानणार नाही. माझ्या मते ती पावलं तोडण्यामागं 'येऊ नकोस'पेक्षा 'जाऊ नकोस' अधिक आहे. हा माझा अर्थ आहे, हाडांवर काही लिहिलेलं नसतं. पण जमिनीतली मांडणी ज्या बाजूला झुकते, त्या बाजूचा हा अर्थ आहे. तिथून थेट हडळीच्या उलट्या पावलांवर उडी मारायला मधल्या तीन हजार वर्षांचा काही धागा हवा. तो कुणी दाखवलेला नाही.

आता मुख्य मुद्दा. गुमिहो मुळात जनावर आहे. कोल्ही हजार वर्षं जगते, तिला नऊ शेपटं फुटतात, ती बाईचं रूप घेते, आणि पुष्कळ गोष्टींत तिची खरी ओढ माणूस होण्याची असते. हडळ आधीच माणूस होती. बाळंतपणात गेलेली, पोटुशी असताना गेलेली बाई हडळ होते, अळवंतीण होते, असं आपल्या गावांनी शतकानुशतकं सांगितलं. एक माणूसपणाकडे निघालेली, दुसरीचं माणूसपण हिरावलेलं. वाटाच उलट्या असताना दोघींना बहिणी कसं म्हणायचं?

हडळीच्या गोष्टीमागं खरोखरचा मृत्यू आहे. अडलेली बाळंतीण, रात्र, हाताशी फक्त सुईण, आणि सकाळी घरातली सून नाही. तिला वाचवता आलं नाही ही बोच गावानं भीतीत बदलली, आणि दोष तिच्याच माथी मारला. तिला मोहक कोल्हीच्या रांगेत उभं केलं की ती बाळंतीण दिसेनाशी होते. उरते ती फक्त पुरुषांना नादी लावणारी बाई. सातपुड्याच्या खेड्यांत जिवंत बायकांना डाकीण ठरवून मारहाण झाली आहे. 2013 साली महाराष्ट्राला जादूटोणाविरोधी कायदा करावा लागला. अशा मुलखात ही सरमिसळ निरुपद्रवी नाही.

कोल्हीवरही अन्याय होतोच. ती मुळात हिंस्र आणि घातकी, हेही अर्धसत्य आहे. चीनच्या 'शानहाय जिंग' या प्राचीन ग्रंथातली नऊ शेपटांची कोल्ही माणसं खाते, पण हान काळातल्या थडग्यांच्या शिल्पांत तीच पश्चिमेच्या राणीमातेच्या परिवारात शुभ म्हणून येते. इर्यॉन या भिक्षूनं तेराव्या शतकात संकलित केलेल्या 'सामगुक युसा'त एक अतिवृद्ध कोल्हा वोनग्वांग या भिक्षूला चीनमध्ये जाऊन शिकण्याचा मार्ग दाखवतो. जपानी दंतकथेतली कुझुनोहा तर आबे नो सेइमेई या प्रसिद्ध ज्योतिषाची आई. ओळख उघडी पडताच तिला लेकराला सोडून जावं लागतं.

मग आपला आणि त्यांचा काहीच संबंध नाही? आहे, आणि तो नीट सांगायला हवा. स्मशान आणि कोल्हे जिच्या भोवती असत ती आपली डाकिनी बौद्ध पंथांबरोबर जपानला गेली आणि तिथं पांढऱ्या कोल्ह्यावर बसलेली डाकिनीतेन झाली. उन्हात पाऊस पडला की आपण कोल्ह्याचं लग्न लागलं म्हणतो. जपानीही तसंच म्हणतात. पण डाकिनी पूर्वेला गेली म्हणून कोल्हीची सगळी कथाच इथून गेली, असं सांगणाऱ्यांनी 'शानहाय जिंग' बौद्ध धर्म चीनमध्ये पोचण्याआधीपासून घडत आला होता, हे ध्यानात घ्यावं.

आणि गुमिहोची मराठी बहीण शोधायचीच असेल तर ती नागीण आहे. शंभर वर्षं जगलेला नाग इच्छाधारी होतो, ही समजूत जनावराकडून माणसाकडेच जाते. महाभारतातली नागकन्या उलूपी अर्जुनाला वरते, इरावानाची आई होते. नागपंचमीची कहाणी घ्या. शेतकऱ्याच्या नांगरानं नागिणीची पिल्लं मरतात. ती सूड म्हणून त्याचं घर संपवते आणि उरलेल्या लेकीला डसायला तिच्या सासरी जाते. लेक पाटावर नाग-नागीण काढून पूजा करताना दिसते. नागिणीचा राग उतरतो, ती अमृत देते आणि लेकीचं माहेर पुन्हा उठून उभं राहतं. म्हणून त्या दिवशी आजही अनेक घरांत चिरत नाहीत, तळत नाहीत, शेतात नांगर धरत नाहीत. पिल्लं गमावलेली ही आई कुझुनोहाच्या शेजारी बसवा. तिथं तुलना करायला मी कधीही तयार आहे.