खेळ विद्यार्थ्यासाठीं, कीं विद्यार्थी खेळासाठीं?

विद्यार्थिमित्रहो, शाळेच्या वार्षिकांत क्रीडाविभागाचा वृत्तान्त वाचतांना आपण सर्वांत आधीं काय पाहतों? किती ढाली मिळाल्या, किती सामने जिंकले, कोणाचें नांव वर्तमानपत्रांत झळकलें. हें स्वाभाविक आहे. त्यांत लाजण्यासारखें कांहीं नाहीं. परंतु ज्या मुलांनीं त्या ढाली आणल्या त्यांचें पुढें काय झालें, हा प्रश्न त्या पानावर क्वचितच विचारला जातो. माझ्या मतें शाळेंतील खेळाचें खरें मोजमाप ह्या दुसऱ्या प्रश्नांत आहे. हें मत स्पष्ट करण्यासाठीं मी एका परदेशी खेळाडूचें चरित्र वाचकांपुढें ठेवतों. कारण त्याच्या आयुष्यांत व त्याच्या विद्यापीठाच्या इतिहासांत ह्या प्रश्नाच्या बहुतेक बाजू एकत्र आलेल्या आहेत. त्या खेळाडूचें नांव जे बरवँगर.

अमेरिकेंत ज्या खेळास फुटबॉल म्हणतात तो आपला फुटबॉल नव्हे. त्यांतील चेंडू लांबट व दोन्ही टोकांस निमुळता असतो, आणि तो पायानें मारण्यापेक्षां हातांत घेऊन पळण्यासच अधिक महत्त्व असतें. दोन्ही पक्षांत अकरा-अकरा गडी असतात. चेंडू ज्या पक्षाकडे असेल त्यानें चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढें सरकावयाचें. तें न साधल्यास चेंडू प्रतिपक्षाकडे जातो. काखेंत चेंडू घेऊन प्रतिपक्षाची फळी फोडण्याचें काम ज्याच्याकडे असतें त्याला पूर्वीं हाफबॅक म्हणत, हल्लीं रनिंग बॅक म्हणतात. हुतूतूंत चढाईस गेलेला गडी चोहोंकडून घेरला गेला असतां अंग चोरून, हिसडा देऊन मध्यरेषेकडे झेपावतो, तें दृश्य डोळ्यांपुढें आणावें. फरक इतकाच कीं, ह्या गड्यास परत फिरावयाचें नसून घेरणाऱ्यांच्या मधूनच पुढें जावयाचें असतें. धक्के व टोले ह्याच गड्याच्या वांट्यास फार येतात. म्हणून त्याचें खेळाचें आयुष्यहि बहुधा तोकडेंच असतें.

बरवँगर ह्याचा जन्म १९ मार्च १९१४ रोजीं आयोवा संस्थानांतील डब्यूक ह्या गांवीं झाला. पुढें तो शिकागो विद्यापीठांत शिकावयास आला, तो काळ जागतिक मंदीचा होता. शिष्यवृत्तीमुळें फीची सोय झाली. परंतु चरितार्थासाठीं त्याला भोजनगृहांत वाढप्याचें काम करावें लागलें, व्यायामशाळेची झाडलोट करावी लागली, लिफ्ट चालवावी लागली. ज्याच्या नांवाचा जयघोष शनिवारीं मैदानावर होई, तोच इतर दिवशीं आपल्या सोबत्यांच्या ताटांत वाढत असे. ह्या गोष्टीचें त्याला वैषम्य वाटलें असें दिसत नाहीं, आणि वाटण्याचें कारणहि नव्हतें.

ज्या विद्यापीठांत तो आला तेथें अमोस अलोन्झो स्टॅग ह्या थोर क्रीडाशिक्षकानें १८९२ पासून १९३२ पर्यंत फुटबॉलची परंपरा उभी केली होती. स्टॅग हा मूळचा धर्मोपदेशक होण्यासाठीं शिकलेला. परंतु व्यासपीठावरून उपदेश करण्यापेक्षां मैदानावरून तरुणांचें शील अधिक घडवितां येईल असें वाटून तो स्प्रिंगफील्ड येथील वाय. एम. सी. ए.च्या शिक्षणसंस्थेंत गेला व क्रीडाशिक्षक झाला. खेळ हें शीलसंवर्धनाचें साधन आहे, हा विचार मिशनच्या शाळांतून जगभर पसरला, त्याच्या मुळाशीं अशींच माणसें होतीं.

१९३३, १९३४ व १९३५ ह्या तीन हंगामांत बरवँगर शिकागोच्या संघाकडून खेळला. त्या काळीं एकाच गड्यास चढाई व बचाव दोन्ही करावीं लागत. धांवणें, चेंडू फेंकणें, लाथाडणें, प्रतिपक्षाच्या गड्यास लोळविणें, हें सर्व तो एकटा करी. त्याचें नाक दोनदां मोडलें होतें, म्हणून तो तोंडावर संरक्षक जाळी बांधून उतरे. त्यावरून लोक त्याला ‘लोखंडी मुखवट्याचा माणूस’ म्हणत. १९३४ मध्यें मिशिगन विद्यापीठाच्या एका गड्यानें त्याला अडविलें. त्या झटापटींत त्या गड्याच्या डाव्या डोळ्याखालीं जखम झाली व तिचा वण कायम राहिला. तो गडी म्हणजे जेराल्ड फोर्ड, जो १९७४ मध्यें अमेरिकेचा अध्यक्ष झाला. १९३५ मध्यें ओहायो स्टेट विद्यापीठाविरुद्ध बरवँगरनें ८५ यार्डांची धांव घेतली, ती त्याच्या खेळांतील सर्वांत स्मरणीय धांव मानली जाते. तथापि तो सामना शिकागोनें २०–१३ असा गमावला. त्या सबंध हंगामांत शिकागोनें चार सामने जिंकले व चार गमावले.

ह्या अर्ध्या यशाच्या संघांतील खेळाडूस त्याच वर्षीं न्यूयॉर्कच्या डाउनटाउन अ‍ॅथलेटिक क्लबनें मिसिसिपी नदीच्या पूर्वेकडील सर्वोत्कृष्ट महाविद्यालयीन खेळाडू म्हणून पारितोषिक दिलें. १९३६ पासून हें पारितोषिक ‘हाइझमन’ ह्या नांवानें ओळखलें जाऊं लागलें व आज तें त्या खेळांतील परमोच्च बहुमान समजलें जातें. पहिला मान बरवँगरचा. परंतु त्याची कथा अशी सांगतात कीं, त्या जड ब्राँझच्या मूर्तीचें काय करावें हें न कळून ती एका नातलग बाईच्या घरीं ठेवली गेली, आणि तेथें ती बराच काळ दार उघडें राहावें म्हणून दाराशीं टेकण लावण्याच्या कामीं आली. संत पौलानें करिंथ येथील मंडळीस लिहितांना शर्यतीचा दृष्टान्त देऊन नाशवंत मुगुटाची जी गोष्ट सांगितली, तिचें ह्याहून चांगलें उदाहरण शोधावें लागणार नाहीं.

८ फेब्रुवारी १९३६ रोजीं धंदेवाईक संघांनीं महाविद्यालयीन खेळाडूंची पहिली वार्षिक निवड केली. तींत सर्वांआधीं उच्चारलेलें नांव बरवँगरचें होतें. फिलाडेल्फियाच्या संघानें त्याला निवडलें व त्याच्यावरील हक्क शिकागोच्या ‘बेअर्स’ संघास दिला. संघाचे मालक जॉर्ज हालस ह्यांच्याकडे त्यानें दोन वर्षांचे पंचवीस हजार डॉलर मागितले असें सांगतात. मालकांस तें परवडेना, आणि विषय तेथेंच मिटला. बरवँगर फोम रबराच्या कंपनींत नोकरीस लागला. दुसऱ्या महायुद्धांत त्यानें नौदलांत सेवा केली, नंतर रबराच्या वस्तूंचा स्वतःचा कारखाना काढला, आणि २६ जून २००२ रोजीं वयाच्या ८८ व्या वर्षीं तो समाधानानें जगून वारला. धंदेवाईक सामना तो एकहि खेळला नाहीं.

येथें एक सावधगिरी अवश्य आहे. बरवँगर हा द्रव्यास तुच्छ मानणारा विरक्त होता असें चित्र रंगविण्याचा मोह होतो. पण तें खरें नव्हे. त्यानें आपली किंमत सांगितली होती, आणि ती न मिळाल्याची थोडी चुटपुट त्याला पुढें लागली असेंहि म्हणतात. माझा मुद्दा निराळा आहे. मालकानें ‘नाहीं’ म्हटलें तेव्हां ह्या तरुणास ‘ठीक आहे’ म्हणतां आलें, कारण त्याच्या हातांत पदवी होती व कष्टाची संवय होती. खेळ हें त्याचें भूषण होतें, कुबडी नव्हती. ज्याच्यापाशीं दुसरें कांहीं नाहीं त्याला सौदा मोडतां येत नाहीं; त्याला समोरचा देईल तें घ्यावें लागतें. विद्येनें माणसास जें सर्वांत मोठें स्वातंत्र्य मिळतें तें हेंच.

आतां त्याच्या विद्यापीठाकडे वळूं. बरवँगर गेल्यावर शिकागोच्या संघाची दैना झाली. १९३९ मध्यें मिशिगननें त्यांचा ८५–० असा धुव्वा उडविला. विद्यापीठाचे अध्यक्ष रॉबर्ट मेनार्ड हचिन्स ह्यांचें मत असें होतें कीं, मोठ्या प्रमाणावरील फुटबॉल व विद्या एका घरांत सुखानें नांदूं शकत नाहींत. १९३९ च्या डिसेंबरांत त्यांनीं तो खेळ विद्यापीठांतून बंदच करविला. प्रेक्षकांवांचून ओस पडलेल्या त्या स्टॅग मैदानाच्या बैठकींखालीं २ डिसेंबर १९४२ रोजीं एन्रिको फेर्मी ह्यांनीं पहिली स्वयंचलित अणुशृंखला-प्रक्रिया घडवून आणली. ज्या भूमीवर बरवँगर धांवला तेथें १९७० पासून विद्यापीठाचें भव्य ग्रंथालय उभें आहे.

ह्यावरून कोणी म्हणेल, ‘पाहा, मैदान मोडलें म्हणून विज्ञान वाढलें, ग्रंथालय उभें राहिलें!’ मला हा निष्कर्ष मान्य नाहीं. हचिन्स ह्यांनीं रोग बरोबर ओळखला, परंतु उपाय म्हणून अवयवच कापून टाकला. दोष धांवणाऱ्या मुलांत नव्हता. त्यांच्या धांवण्यावर संस्थेची कीर्ति व तिजोरी अवलंबून ठेवण्यांत होता. आणि ह्याची साक्ष खुद्द शिकागो विद्यापीठच देतें. १९६९ मध्यें तेथें विद्यापीठाचा फुटबॉलसंघ पुन्हां उभा राहिला, आणि आज तो ज्या तिसऱ्या श्रेणींत खेळतो तींत खेळाबद्दल शिष्यवृत्ति देण्याची मुभाच नाहीं. खेळावयाचें तें विद्यार्थी म्हणून, खेळाच्या आवडीनें. बंदी व बाजार ह्यांच्यामधला तिसरा मार्ग आहे, तो हा.

उलटपक्षीं बाजाराचा मार्गहि आज पूर्ण उघडा झाला आहे. अमेरिकेंतील मोठ्या विद्यापीठांनीं अनेक दशकें खेळांवर अलोट पैसा मिळविला. एकट्या मिशिगनच्या मैदानावर लाखाहून अधिक प्रेक्षक बसतात. खेळणाऱ्या मुलांस मात्र शिष्यवृत्तीपलीकडे कांहीं घेण्याची बंदी होती. २०२१ पासून त्यांना स्वतःच्या नांवाच्या व छायाचित्राच्या जाहिरातींतून पैसे घेण्याची परवानगी मिळाली, आणि २०२५ मध्यें न्यायालयानें मान्य केलेल्या तडजोडीनुसार विद्यापीठें स्वतःच त्यांना मोबदला देऊं लागलीं. त्याची मर्यादा पहिल्या वर्षापुरती प्रत्येक संस्थेस सुमारें दोन कोटी पांच लाख डॉलर अशी ठरली.

कित्येक जुन्या विचारांच्या लोकांस ह्यांत अधःपात दिसतो. मला तसें वाटत नाहीं. श्रमाचें मोल घेणें हें लांच्छन नव्हे. श्रम करवून घेऊन मोलहि द्यावयाचें नाहीं व विद्याहि द्यावयाची नाहीं, हें लांच्छन. त्या दृष्टीनें आजचा उघड व्यवहार कालच्या ढोंगापेक्षां प्रामाणिक आहे. परंतु मोबदला दिला म्हणजे शिक्षणसंस्थेचें ऋण फिटलें असें मात्र कोणी समजूं नये. रनिंग बॅकचा गुडघा एका क्षणांत निकामी होतो आणि त्याबरोबर त्याचें वेतनहि थांबतें. कारखान्यानें वेतन दिलें कीं त्याचें कर्तव्य बव्हंशीं संपतें. शाळेचें तेथें संपत नाहीं. त्या मुलाच्या पुढील पन्नास वर्षांची चिंता वाहणें, ह्यासाठींच तर तिला शाळा म्हणावयाचें.

आपल्याकडे कोटींचे व्यवहार नाहींत. म्हणून हा प्रश्न आपला नाहीं असें मात्र नव्हे. चांगल्या खेळाडूस हंगामांत वर्गांतून मोकळें सोडावयाचें, त्याच्या बुडालेल्या पाठांची कोणी चौकशी करावयाची नाहीं, परीक्षेंत कसेंबसें पुढें ढकलावयाचें, आणि शेवटचा सामना संपला कीं त्याला विसरावयाचें, हा प्रकार अनेक ठिकाणीं दृष्टीस पडतो. त्यांत कोणाची दुष्ट बुद्धि नसते, कौतुकच असतें. परंतु त्या कौतुकाची किंमत तो मुलगा पुढें जन्मभर फेडीत असतो. दुसरीकडे, अकरा मुलांच्या संघासाठीं सर्व मैदान राखून ठेवावयाचें आणि उरलेल्या शेंकडों मुलांनीं कडेला उभें राहून टाळ्या वाजवावयाच्या, हीहि खेळाची सेवा नव्हे.

म्हणून माझी सूचना साधी आहे. ज्या दिवसांत एखादा मुलगा शाळेसाठीं खेळतो त्या दिवसांचे त्याचे पाठ भरून काढणें ही शाळेची जबाबदारी समजावी. ती त्याच्यावर उपकार म्हणून नव्हे, तर देणें म्हणून फेडावी. आणि वार्षिकाच्या क्रीडावृत्तांत ढालींच्या यादीशेजारीं दोन आंकडे आणखी छापावेत: ह्या वर्षीं शाळेंतील किती मुलें नित्य मैदानावर उतरलीं, आणि पांच वर्षांपूर्वींच्या संघांतील मुलें आज कोठें आहेत. हे आंकडे छापण्याची लाज न वाटणारी शाळा, मग तिच्या कपाटांत एकहि ढाल नसो, खेळांत यशस्वी झाली असें मी म्हणेन.

मित्रहो, तुम्हीं खेळावें, मनापासून खेळावें, आणि जिंकावेंहि. मात्र शिट्टी वाजून मैदान रिकामें झाल्यावर आपल्या हातांत काय उरेल, ह्याचा विचार खेळ चालूं असतांनाच करावा; आणि तुम्हांस तो सुचला नाहीं तर तुमच्यासाठीं तो करणें हें आम्हां वडील माणसांचें कर्तव्य आहे.