जप्त शेगडी आणि पीचचा सॉस

गेल्या सेमिस्टरमधली गोष्ट. रात्रीच्या राउंडला निघालो होतो. दुसऱ्या मजल्यावरच्या एका खोलीतून मॅगीचा खमंग वास आला. दार वाजवलं. आत एकदम शांतता. मग पलंगाखालून कॉइलची शेगडी निघाली, अजून गरमच. असिस्टंट रेक्टर या नात्याने जे करायचं ते केलं. शेगडी जप्त, रजिस्टरात नोंद, मालकाची सही. सगळं झाल्यावर तो थर्ड इयरचा पठ्ठ्या अगदी नम्रपणे म्हणाला, "सर, एक विचारू? तुम्ही एम.एस.ला गेला होतात ना, तिकडे काय खायचात?"

मी "झोपा आता" म्हणून निघून आलो. पण मित्रांनो, प्रश्न डोक्यातून जाईना. कारण २००६ साली याच हॉस्टेलमधून माझीही शेगडी जप्त झाली होती! आणि खरं उत्तर जरा लाजिरवाणं आहे. ते आज इथे लिहून टाकतो.

मी २०११ च्या ऑगस्टमध्ये अमेरिकेत गेलो. गाव कॅन्सस सिटी. नावात कॅन्सस असलं तरी हे शहर मिझुरी राज्यात आहे. बॅगेत प्रेशर कुकर होता, आईने दिलेला गोडा मसाला होता आणि स्वयंपाकाचं ज्ञान शून्य! बी.ई. फर्स्ट क्लास, तीन वर्षांची नोकरी, हीट ट्रान्सफरमध्ये वर्गात पहिला. पण वरणाला फोडणी आधी की नंतर हे माहीत नाही. पहिले कित्येक महिने फ्रोझन पिझ्झा आणि ब्रेडवर काढले. रविवारी आईचा फोन, "काय रे, जेवलास का नीट?" मी म्हणायचो, "हो गं, आज भात-आमटी केली." साफ खोटं.

आता कॅन्सस सिटी म्हणजे बार्बेक्यूची पंढरी. अमेरिकेत प्रत्येक भागाचा आपापला सॉस असतो. नॉर्थ कॅरोलायनाच्या पूर्वेला नुसतं व्हिनेगर आणि मिरची, साउथ कॅरोलायनात मोहरीचा पिवळा सॉस, अलाबामाच्या उत्तरेला चक्क मेयॉनेजचा पांढरा सॉस. कॅन्सस सिटीचा मात्र दाट, टोमॅटोचा, गोड. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हेन्री पेरी नावाचा कृष्णवर्णीय गृहस्थ टेनेसीतून या शहरात आला आणि वर्तमानपत्रात गुंडाळून भाजलेलं मांस विकू लागला. तिथल्या बार्बेक्यूचा तो जनक मानला जातो. गंमत म्हणजे त्याचा स्वतःचा सॉस चांगलाच झणझणीत होता म्हणतात. गोडवा नंतर आला.

तर ४ जुलै २०१२. त्यांचा स्वातंत्र्यदिन. आमच्या अपार्टमेंटच्या हिरवळीवर दोन-तीन सामाईक ग्रिल होते. लॅबमधली मंडळी जेवायला बोलावली होती. चिकनचं काम मी अंगावर घेतलं, दुकानातून सॉसची मोठी बाटली आणली, कच्च्या चिकनला भरपूर फासली आणि धगधगत्या कोळशावर ठेवून दिलं. दहा मिनिटांत चिकन बाहेरून डांबरासारखं काळं. कापलं तर आतून गुलाबी, कच्चं! हीट ट्रान्सफरमधला पहिला आलेला विद्यार्थी मान खाली घालून उभा.

शेजारच्या ग्रिलवर एक निवृत्त आजोबा होते, शेजारच्याच इमारतीत राहणारे. ते हसले नाहीत. आपल्याकडचं चिकन आमच्या ताटांत वाढलं आणि मला म्हणाले, शनिवारी माझ्याकडे ये, येताना पिकलेले पीच घेऊन ये.

त्या शनिवारी जे शिकलो ते सांगतो, कारण ते आपल्या अभ्यासक्रमाशी संबंधित आहे. सॉसमध्ये असते साखर. मांस भाजताना त्याला जो तपकिरी रंग आणि वास येतो ती मेयार रिॲक्शन, साधारण १४० अंश सेल्सियसच्या पुढे वेगात होते. पण साखर त्यापुढे थोड्याच अंतरावर जळून कडू होते. माझ्या बाटलीच्या लेबलवर पहिलाच घटक हाय फ्रुक्टोज कॉर्न सिरप होता, आणि फ्रुक्टोज तर साध्या साखरेपेक्षाही कमी तापमानाला करपायला लागतं. उलट मांसाची उष्णतावाहकता कमी, त्यामुळे आत उष्णता हळूहळू जाते. म्हणून कोळसे ग्रिलच्या एका बाजूला करायचे. मांस दुसऱ्या बाजूला, झाकण लावून शिजू द्यायचं. सॉस लावायचा शेवटच्या दहा मिनिटांत, पातळ थर देऊन, दोनदा. आणि आत थर्मामीटर खुपसून ७४ अंश दिसले की उतरवायचं. अंदाजपंचे काम नाही! कच्च्या मांसाला लावलेला ब्रश परत सॉसच्या भांड्यात बुडवायचा नाही, हेही त्यांनी दोनदा बजावलं.

सॉस करायला सोपा. अर्धा किलो पिकलेले पीच, साल आणि बी काढून. एक कांदा आणि चार लसूण पाकळ्या तेलावर परतायच्या. त्यात पीच, एक कप टोमॅटो केचप, पाव कप व्हिनेगर, पाव कप ब्राउन शुगर, दोन मोठे चमचे मोलॅसिस, एक लहान चमचा मोहरीची पूड, एक चमचा तिखट, मिरपूड, मीठ. मोलॅसिस म्हणजे उसाच्या रसातून साखर काढून उरलेला काळा पाक. आपल्याकडे साखर कारखान्याची मळी ती हीच, पण ती डिस्टिलरीत जाते, खायची नव्हे! चवीला जवळची वस्तू म्हणजे काकवी. हे सगळं मंद आचेवर अर्धा तास शिजवायचं. दाट द्रवात कन्व्हेक्शन नीट होत नाही, त्यामुळे तळाला लागतं आणि वर फटाफट उडतं. म्हणून सतत ढवळायचं. थोडं निवलं की मिक्सरमधून काढून परत दहा मिनिटं उकळायचं. चमच्याच्या पाठीला सॉस चिकटून राहिला की झाला. स्वच्छ बाटलीत भरून फ्रिजमध्ये ठेवला तर आठवडा-दोन आठवडे आरामात टिकतो.

आजोबांच्या सॉसमध्ये वूस्टरशायर सॉसही होता. तो घेऊन मी घरी आलो तर आमचा शाकाहारी रूममेट लेबल वाचत बसला आणि म्हणाला, "अरे, यात मासे आहेत!" खरंच होते. पारंपरिक वूस्टरशायरमध्ये अँकोव्ही नावाचे छोटे मासे मुरवलेले असतात. पण त्याच लेबलवर आणखी एक ओळखीचं नाव होतं: चिंच. मग काय, मासेवाली बाटली बाजूला ठेवली आणि इंडियन स्टोअरमधून चिंच आणली. किती घालायची ते कळेना, म्हणून आईला फोन लावला.

"आई, आमटीत चिंच आणि गूळ किती किती घालतेस?"

पलीकडे क्षणभर शांतता. "काय रे, तू तर दर रविवारी आमटी करतोस ना?"

पकडलो गेलो! आई रागावली नाही. तिने प्रमाण सांगितलं, आणि वर सांगितलं, "आधी चिंच घाल, चव बघ, मग गूळ. गूळ आधी घातलास तर आंबटाचा अंदाज येत नाही." त्या दिवशी ब्राउन शुगरच्या जागी गूळ गेला आणि व्हिनेगर थोडं कमी करून चिंचेचा कोळ गेला. रूममेटने तो सॉस मक्याच्या कणसाला आणि पनीरला लावला, मी चिकनला. आजोबांना वाटीभर नेऊन दिला तर त्यांनी बोटाने चाटून विचारलं, हे आंबट काय आहे? त्यानंतर माझ्या फोनवरच्या थापा थांबल्या. त्या रात्री मी खरीखुरी आमटीही केली, कारण चिंच-गूळ जमला की अर्धी आमटी जमलीच.

आता मुद्द्यावर येतो. हा लेख काही बार्बेक्यूचा प्रचार नाही. माझं म्हणणं एवढंच आहे की आपण चार वर्षं मुलांना ज्या हॉस्टेलात ठेवतो, तिथून ती चहासुद्धा करायला न शिकता बाहेर पडतात. घरी आई-बहीण करते, इथे मेस करते, पुढे कोण करणार? "बायको" असं उत्तर मनात आलं असेल तर त्या उत्तरातच आपलं शिक्षण कमी पडलं आहे. गर्ल्स हॉस्टेलातल्या मुलींनाही सगळं येतं असं समजायचं कारण नाही. त्यासुद्धा तुमच्यासारख्याच बारावीपर्यंत क्लासमध्ये बसून होत्या.

शेगडीचा नियम चुकीचा आहे असं मी म्हणत नाही. आपली जुनी वायरिंग, गादीशेजारी लालभडक कॉइल, त्यावर वाळत घातलेला टॉवेल. एखाद्या रात्री काय होईल याची कल्पना करा. मी पुन्हा शेगडी दिसली तर पुन्हा जप्त करीन. पण नुसतं "करू नका" म्हणून भागत नाही. कुठे करा, हेही आपणच सांगायला हवं. म्हणून माझी सूचना अशी: प्रत्येक हॉस्टेलच्या तळमजल्यावर एक छोटं स्वयंपाकघर हवं. सिलिंडर बाहेर, दोन बर्नर, एक्झॉस्ट फॅन, भिंतीवर अग्निशामक. शाकाहारी आणि मांसाहारी भांडी वेगळी. रविवारी सकाळी उघडायचं, रजिस्टरात नाव लिहायचं, जाताना ओटा पुसायचा. ओटा पुसला नाही तर पुढचे दोन रविवार बंदी.

काही सहकारी म्हणतील, मुलं अभ्यासाला आली आहेत. सर, ढवळायचं कधी, आच किती, आंबट-गोड कसं तोलायचं हाही अभ्यासच आहे, आणि इथे चूक झाली की ती स्वतःलाच खावी लागते! काही म्हणतील, शाकाहार-मांसाहारावरून भांडणं होतील. होतीलही. पण माझ्या अनुभवात एका ओट्याशी उभं राहिल्यावर ती मिटतात लवकर. आमच्या चिंचेच्या सॉसचा शोध शाकाहारी रूममेटमुळेच लागला.

इथे पीच कुठे, असं विचाराल. अननस घ्या किंवा हंगामात पिकलेला आंबा. आंबा गोड असेल तर गूळ निम्मा करा. अननस मात्र नीट शिजवूनच घ्या. कच्च्या पपईसारखंच त्यात मांस मऊ पाडणारं एन्झाइम असतं आणि कच्चा रस मांसाला फार वेळ लावून ठेवला तर मांस पिठूळ होतं. उकळलं की ते निकामी होतं.

असो. हॉस्टेल समितीच्या येत्या बैठकीत मी हा प्रस्ताव लेखी देणार आहे. विद्यार्थी प्रतिनिधींनी सह्या गोळा केल्या तर बरं होईल.

आणि ज्याने तो प्रश्न विचारला होता त्याला: बाबा रे, उत्तर मिळालं का? तुझी शेगडी माझ्या कपाटात सुरक्षित आहे, सेमिस्टर संपलं की घरी घेऊन जा. स्वयंपाकघर झालं, तर पहिल्या रविवारी कांदा तू चिरायचा, चिंच मी भिजवतो.