'सहाय्यक' कोणाचा?

चित्रपटसमीक्षेत चरित्र अभिनेत्याच्या वाट्याला बहुधा शेवटचा परिच्छेद येतो. पुरस्कारांच्या भाषेत तो 'सहाय्यक', आमच्या वर्गातील परिभाषेत 'गौण पात्र'. आमच्या शेजारच्या नगरचे सदाशिव अमरापूरकर (१९५०-२०१४) यांची कारकीर्द पाहिली की हे दोन्ही शब्द तोकडे वाटू लागतात.

श्री. दा. पानवलकरांच्या 'सूर्य' या कथेवरून विजय तेंडुलकरांनी 'अर्धसत्य'ची (१९८३) पटकथा लिहिली. तीत रामा शेट्टीचे प्रसंग मोजकेच आहेत. पण ओम पुरींचा अनंत वेलणकर आतून पोखरत जातो, तो या माणसाच्या थंडपणामुळे. अटक करायला आलेल्या अधिकाऱ्यासमोर शेट्टी आरडाओरडा करीत नाही. एक दूरध्वनी करतो. सत्ता आवाज न चढवता बोलते, हे त्या शांतपणातून कळते. शेट्टी नेहमीच्या खलनायकासारखा गरजला असता, तर वेलणकरची शोकांतिका साध्या मारामारीवर आली असती. येथे 'सहाय्यक' नटाने नायकाला नव्हे, संहितेला साहाय्य केले आहे.

ही समज रंगभूमीवरची. 'हँड्स अप' या मराठी नाटकातील त्यांचे काम पाहूनच गोविंद निहलानींनी त्यांना या भूमिकेसाठी निवडले. त्याआधी '२२ जून १८९७'मध्ये (१९७९) ते लोकमान्य टिळक झाले होते. पुढे १९८८ मध्ये 'भारत एक खोज' या दूरदर्शन मालिकेत महात्मा फुले. टिळक आणि फुले या दोन भिन्न विचारप्रकृती एकाच नटाने पेलाव्यात, ही लहान गोष्ट नव्हे. 'सडक'मधील (१९९१) महाराणीने त्यांना अफाट प्रसिद्धी दिली. मात्र त्यानंतर हिंदी व्यवसायाने त्यांच्याकडून बहुतांशी एकाच छापाची कामे करून घेतली, असे आमचे मत आहे. स्मृतीतही तोच छाप उरला आणि फुले साकारणारा नट मागे पडला.

'बॉम्बे टॉकीज'मधील (२०१३) दिबाकर बॅनर्जींचा लघुपट सत्यजित राय यांच्या कथेवर आधारलेला आहे. क्षणभराच्या भूमिकेसाठी जीव ओतणाऱ्या माणसाची ती गोष्ट. तीत त्या माणसाच्या दिवंगत नाट्यगुरूची भूमिका अमरापूरकरांकडे यावी, हे आम्हांस अर्थपूर्ण वाटते.

'सूर्य' आणि 'अर्धसत्य' यांचा तौलनिक अभ्यास वर्गात करताना आपण वेलणकरविषयी पुष्कळ बोलतो. एखादी तासिका रामा शेट्टीसाठी राखून ठेवावी. गौण पात्राशिवाय कथेचे काय उरते, हा प्रश्न विद्यार्थ्यांना तेथे नेमका विचारता येईल.