आठ भूमिका मोजून झाल्यावर

'काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स' या १९४९च्या ब्रिटिश चित्रपटाचे नाव काढले की समोरचा माणूस काय बोलणार, हे मला आता पाठ झाले आहे. पहिले वाक्य: अलेक गिनेसने त्यात आठ भूमिका केल्या आहेत. दुसरे: ब्रिटिश विनोद काय सौम्य असतो, नाही? आणि मी अनुवादक आहे हे कळले की तिसरे: असला विनोद आपल्या भाषांत यायचा नाही. यातले पहिले वाक्य खरे पण अपुरे आहे. दुसरे खोटे आहे. तिसरे आळसातून आलेले आहे, आणि भारतीय भाषांतल्या अनुवादाचे सर्वांत जास्त नुकसान तेच करते.

आधी पहिल्याबद्दल. गिनेसने डॅस्कॉइन या उमराव घराण्यातली आठ माणसे उभी केली, त्यांत एक बाईही आहे. चर्चमधल्या एका दृश्यात त्यांपैकी सहाजण एकाच चौकटीत दिसतात. छायालेखक डग्लस स्लोकोमने त्यासाठी कॅमेरा जागचा हलू दिला नाही. भिंगापुढे झाकणे लावून चौकटीचा एकेक भागच उघडा ठेवायचा, गिनेसचे एक पात्र चित्रित करायचे, फिल्म उलटी गुंडाळायची, आणि रंगभूषा बदलून तो दुसऱ्या जागी बसला की तीच फिल्म पुन्हा चालवायची. कॅमेऱ्याला कुणाचा धक्का लागू नये म्हणून स्लोकोम रात्री त्याच्याजवळच झोपला, असे सांगतात. हे कसब मोठेच आहे. पण त्याच चित्रपटात डेनिस प्राइसनेही दोन भूमिका केल्या आहेत, नायक लुई आणि त्याचा इटालियन गायक बाप. त्या कुणी मोजत नाही. प्राइसचे खरे काम आवाजाचे आहे, आणि आवाज मोजता येत नाही.

चित्रपट मुळात त्या आवाजावरच उभा आहे. फाशीच्या आदल्या रात्री कोठडीत बसून लुई आपले आत्मवृत्त लिहितो आणि तेच आपण ऐकतो. त्याच्या आईने गायकाशी लग्न केले म्हणून घराण्याने तिला तोडले, मेल्यावर घराण्याच्या दफनघरात जागाही नाकारली. लुई मग ड्यूकपदाच्या वाटेत उभ्या असलेल्यांना एकेक करून दूर करतो. आठांपैकी सहा त्याच्या हातून जातात. एक आपल्याच हट्टापायी जहाजासकट बुडतो, एक धक्क्याने मरतो. हे सगळे सांगताना लुईचा आवाज कधी चढत नाही. वाक्य लांब, तोललेले, अदबशीर. खून येतो तो त्या वाक्याच्या एखाद्या गौण उपवाक्यात, जणू जाता जाता सांगायची गोष्ट. हसू फुटते ते घटनेपेक्षा त्या रचनेमुळे. दिग्दर्शक रॉबर्ट हेमरने या चित्रपटामागचे आपले हेतू पुढे सांगितले, त्यांत इंग्रजी भाषा अधिक वैविध्याने वापरावी हा एक होता आणि रूढ नीतीची पत्रास बाळगू नये हा दुसरा. दोन्ही हेतू एकाच वाक्यरचनेत साधले गेले.

आता यात सौम्य काय आहे? प्रेक्षक खुन्याच्या बाजूने उभा राहतो. लुईवर खटला चालतो तो हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये, त्याच्या बरोबरीच्या उमरावांपुढे. उमरावांचा हा विशेषाधिकार ब्रिटनने चित्रपटाच्या आदल्याच वर्षी, १९४८मध्ये, मोडीत काढला होता. एका वर्गाची राख अजून गरम असताना हेमर ती चिमट्याने उचलून दाखवत होता. ईलिंग स्टुडिओने त्याच वर्षी 'पासपोर्ट टु पिमलिको' आणि 'व्हिस्की गॅलोर'ही दिले. त्या दोघांत आपल्या गल्लीबद्दल, आपल्या बेटाबद्दल माया आहे. हेमरच्या चित्रपटात ती औषधालाही नाही. तिन्हींना 'ईलिंगचा गोड विनोद' या एकाच बरणीत भरणारे फक्त सूर ऐकतात, शब्द ऐकत नाहीत.

राहिले तिसरे वाक्य. अनुवाद होत नाही म्हणणाऱ्यांना मी एवढेच विचारते: हा चित्रपट स्वतः काय आहे? रॉय हॉर्निमनच्या १९०७मधल्या 'इस्रायल रँक' या कादंबरीचे ते रूपांतर आहे. कादंबरीचा नायक अर्धा ज्यू आहे. हेमर आणि सहलेखक जॉन डाइटन यांनी त्याला अर्धा इटालियन केले. ज्यूंचा संहार थांबून चारच वर्षे झाली होती. अर्ध्या ज्यू खुन्याला हसणारे प्रेक्षागृह तेव्हा कशाला हसले असते, याचा विचार त्यांना करावा लागला. यावर आक्षेप आहे आणि तो हलका नाही: ज्यूद्वेषाला चिमटे काढण्याची मुळातली शक्यताच त्यामुळे पुसली गेली. तरीही मी हेमरच्या बाजूने आहे. त्याने नाव बदलले, पण बाहेर ठेवलेल्या माणसाची सभ्य, थंड, प्रथमपुरुषी वाणी राखली. काय सोडायचे आणि काय मरेस्तोवर धरून ठेवायचे, हे ज्याला कळते तो अनुवादक.

ज्याला कळत नाही त्याचेही उदाहरण याच चित्रपटाने दिले आहे. मूळ शेवटी लुई सुटतो, तुरुंगाच्या दारात दोन स्त्रिया त्याची वाट पाहत असतात, आणि त्याला आठवते की कबुलीजबाबाचे हस्तलिखित कोठडीतच राहिले. चित्रपट तिथेच थांबतो. अमेरिकेच्या निर्मितिसंहितेला गुन्हेगार सुटण्याची शंकाही चालत नव्हती, म्हणून तिथल्या प्रतीत ते कागद अधिकाऱ्यांच्या हाती पडल्याचे दाखवले गेले. काही सेकंदांची तळटीप, पण तिने सगळा शेवट गिळला. त्याच अमेरिकन प्रतीत कृष्णवर्णीयांसाठीचा एक अपशब्दही बदलला, आणि तो बदल योग्यच होता. म्हणून माझे भांडण बदलाशी नाही. वाचकाला उमगेल अशी खात्री नसल्यामुळे केलेल्या बदलाशी आहे.

आपल्याकडे ही तळटीप रोज जोडली जाते. उपशीर्षकांचे काम देणारे सांगतात, आशय पोचला की झाले, भाषा सोपी ठेवा. दोन ओळींची आणि काही सेकंदांची मर्यादा खरी आहे, ती मी नाकारत नाही. पण कात्री नेहमी अदबीवरच का चालते? लुईचे वाक्य 'मी त्याला मारले' एवढ्यावर आणले तर आशय पोचतो आणि विनोद मरतो. मग आपणच म्हणतो, बघा, अनुवादात हरवला.

हरवण्याइतक्या आपल्या भाषा दरिद्री नाहीत. बंगालीत साधुभाषा आहे, उर्दूत लखनवी तहजीब आहे. मराठीत जुन्या पत्रांचा साष्टांग नमस्कार आहे, अर्जातले 'विनंती विशेष' आहे, निबंधमालेच्या काळचे पल्लेदार वाक्य आहे. यांतल्या कुठल्याही स्वरात लुई आपले खून निवांत सांगू शकतो. लेडी अगाथाचा फुगा बाणाने फोडल्यावर तो लॉन्गफेलोची सर्वांना पाठ असलेली ओळ मोडून यमक जुळवतो. मराठीत तिथे केशवसुतांची किंवा बालकवींची शाळेत घोकलेली ओळ मोडावी लागेल. हे धाडस नवे नाही. देवलांचा 'संशयकल्लोळ' परक्या नाटकावरून आला आणि पुलंची 'ती फुलराणी' शॉच्या 'पिग्मॅलिअन'वरून, हे कित्येक प्रेक्षकांच्या ध्यानीही नसते.

म्हणून संपादकांना, उपशीर्षके करवून घेणाऱ्यांना आणि तौलनिक साहित्य शिकवणाऱ्यांना माझे सांगणे आहे की विनोदाचा अनुवाद तपासताना अर्थ बरोबर आला का, हा प्रश्न दुसरा ठेवा. पहिला प्रश्न हा विचारा: बोलणारा माणूस त्याच पायरीवरून, त्याच अदबीने आणि तितक्याच थंडपणे बोलतो आहे का? उत्तर 'नाही' असेल तर अनुवाद परत पाठवा. आणि अनुवादकाला ते वाक्य घडवण्याइतका वेळ द्या. सहा गिनेस एका चौकटीत बसवायला लोकांनी धीर धरला होता. एका वाक्यासाठीही तो धरायला हवा.