रेल्वेवालं संगमनेर कुठल्या पृथ्वीवर आहे?

सुपरहिरोंची कॉमिक्स म्हणजे पोरांचा टाइमपास, असं समजणाऱ्या मंडळींनी ही पोस्ट जरा दमानं वाचावी. कारण "असं झालं असतं तर" हा खेळ आपणही टपरीवर रोज खेळतो, आणि कॉमिक्सवाल्यांपेक्षा फार वाईट खेळतो.

त्यांची पद्धत बघा. १९६१ साली 'फ्लॅश'च्या १२३ व्या अंकात बॅरी ॲलन इतक्या वेगाने थरथरतो की थेट दुसऱ्या पृथ्वीवर पोचतो. तिथे त्याला जुना फ्लॅश भेटतो, ज्याच्या गोष्टी बॅरीने कॉमिक्समध्येच वाचलेल्या! दोन्ही पृथ्व्या एकाच जागी, फक्त कंपनं वेगळी. एकाच हवेत रेडिओची दोन स्टेशनं असतात तसं. पुढे अशा पृथ्व्या इतक्या झाल्या की हिशेब लागेना. मग १९८५-८६ मध्ये बारा अंकांची मालिका काढून सगळ्यांची मिळून एकच पृथ्वी केली. बॅरी त्यात मेला, आणि काही वर्षांनी परतही आला. हे मला पटत नाही. कुणीही परत येऊ शकतो म्हटल्यावर मरणाला किंमत काय राहिली?

पण यातले चांगले लेखक एक नियम पाळतात. एक गोष्ट बदलली की तिचे सगळे परिणाम घ्यायचे, गोड तेवढेच उचलायचे नाहीत.

आपल्याकडे हे जयंत नारळीकरांनी केलं. त्यांच्या कथेतले प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अशा जगात जातात जिथे पानिपतावर विश्वासरावांना गोळी लागलीच नाही. मराठे जिंकले. पण म्हणून तिथे सगळं सोनं झालं नाही. मुंबई इंग्रजांकडेच राहिली, आणि भाषणांना विटलेल्या लोकांनी आझाद मैदानावर व्यासपीठावर चढलेल्या गंगाधरपंतांना टोमॅटो-अंडी मारली. (ही कथा इंग्रजीतून अकरावीच्या एनसीईआरटी पुस्तकात आहे, पोरांना विचारा.)

आता आपलं गाव. निळवंडेला मंजुरी १९७० ची, डाव्या कालव्याचं लोकार्पण २६ ऑक्टोबर २०२३ चं. त्रेपन्न वर्षं! पाणी १९८५ ला आलं असतं तर? तळेगाव पट्ट्यात टँकर दिसला नसता, हे खरंच. पण ऊस वाढला असता, पाणी कोणी किती उपसलं यावरून भावकीत भांडणं लागली असती, आणि धरणाखाली जमिनी गेलेल्यांचा प्रश्न तसाच राहिला असता. हा दुसरा भाग भाषणात कधी ऐकलाय?

तीच गत पुणे-नाशिक रेल्वेची. मूळ आराखडा नारायणगाव, संगमनेरवरून. मग खोडदच्या जीएमआरटी दुर्बिणीचं कारण पुढे आलं आणि शिर्डी-अहिल्यानगरवरून जाणारा पर्याय आला. आकाशातून येणारे रेडिओ संदेश अतिशय क्षीण असतात, विजेवरच्या गाडीने त्यात खरखर होते, हे कारण खोटं नाही. पंचेचाळीस मीटर व्यासाच्या तीस अँटेना काही ट्रॅक्टरवर टाकून हलवता येत नाहीत, त्यामुळे "दुर्बीण हलवा" म्हणणाऱ्यांनी जरा थांबावं.

मी मूळ मार्गाच्या मागणीच्या बाजूने आहे, स्पष्ट सांगतो. संगमनेर-सिन्नरला सोडून पुणे-नाशिक जोडणं मला तर्काला धरून वाटत नाही. पण आपले पुढारी, सगळ्या पक्षांचे, आपल्याला रेल्वेवालं संगमनेर दाखवतात तेव्हा त्यात फक्त स्टेशन असतं. जमीन कुणाची जाणार, मोबदला कसा, दुर्बिणीपासून रूळ किती लांब न्यावा लागेल, तिथे बोगदा चालेल का, त्याने खर्च किती वाढेल, काहीच नसतं. आणि निवडणूक झाली की ते विश्व बंद, नवं सुरू.

दोन्ही मार्गांचे अहवाल मराठीत, नगरपालिकेत आणि प्रत्येक बाधित गावच्या ग्रामपंचायतीत लावा. गाडी कुठून वळली आणि का वळली, ते आधी आम्हाला वाचू द्या. मोर्चाला मग येतोच.